पंचवीस लाखांचं घर कितीला पडतं?

गेल्या काही वर्षांत आमच्या मंगळवार पेठेतल्या पोरांच्या तोंडी एक वाक्य फार ऐकू येतं, ‘लोन पास झालं.’ पेढे वाटले जातात, स्टेटसला साईटचा फोटो पडतो, खाली निळं हृदय असतं. मला मनापासून आनंद होतो. ज्यांच्या आज्या-पणज्याला गावकुसाच्या आत पाय टाकायची चोरी होती, त्यांच्या नातवाच्या नावावर शहरात फ्लॅट होतोय, ही साधी गोष्ट नाही. पण पेढा खाताना मी एक प्रश्न हमखास विचारतो, ‘कितीला पडलं?’ उत्तर येतं, ‘तीस लाखाला.’

हे उत्तर चुकीचं आहे. तीस लाख ही बिल्डरची किंमत झाली. आपल्याला ते घर कितीला पडणार हे बिल्डर सांगत नाही, कर्ज देणारा एजंट सांगत नाही आणि आपणही विचारत नाही. आपण फक्त हप्ता विचारतो. ‘बावीस हजार? बसतंय बघ.’ बस्स. आयुष्यातला सगळ्यात मोठा आर्थिक निर्णय आपण भाजीच्या भावासारखा महिन्यावर तोलतो. हा लेख त्याबद्दल आहे.

घर का हवं, ते आधी

हल्ली मोबाईलवर सल्लागारांचं पीक आलंय. ते सांगतात, घर घेऊ नका, भाड्यानं राहा, उरलेले पैसे एसआयपीत टाका, वीस वर्षांनी कोटी होतील. त्यांचं गणित कागदावर पुष्कळदा बरोबर असतं. पण त्यांच्या तक्त्यात एक रकाना नसतो. आडनावाचा.

माझे वडील उद्यमनगरात फौंड्रीत होते. सतरा वर्षांत आम्ही मंगळवार पेठ आणि आजूबाजूला पाच खोल्या बदलल्या. त्यातल्या दोन खोल्या अशा सुटल्या की, भिंतीवर बाबासाहेबांचा फोटो लागला आणि पुढच्याच महिन्यात घरमालकाचा पुतण्या ‘शिकायला’ कोल्हापुरात येणार असल्याचं निघालं. तो पुतण्या आम्ही कधी पाहिला नाही. शाहू महाराजांच्या नगरीत ही गत. इतरत्रही वेगळं नाही. सुखदेव थोरात आणि त्यांच्या सहकाऱ्यांनी दिल्ली परिसरात भाड्याच्या घरांचा अभ्यास करून २०१५ साली ‘इकॉनॉमिक अँड पोलिटिकल वीकली’त मांडला. घर रिकामं असूनही दलित आणि मुस्लिम भाडेकरूंना नकार मिळतो, घर दिलं तरी जास्त भाडं किंवा जाचक अटी लावल्या जातात, हे त्यात नोंदवलेलं आहे.

म्हणून ‘भाडं की हप्ता’ हा प्रश्न सगळ्यांसाठी सारखा नाही. सल्लागाराच्या पोराला भाड्याचं घर सोडावं लागतं ते बदली झाली म्हणून. आपल्याला सोडावं लागतं ते फोटो दिसला म्हणून. परळच्या चाळीत राहणारे बाबासाहेब दादरच्या हिंदू कॉलनीत ‘राजगृह’ बांधतात ते पुस्तकांना आणि अभ्यासाला हक्काची जागा हवी म्हणून. हक्काची जागा ही चैन नाही, ती माणूसपणाची अट आहे. तेव्हा घर घेऊ नका असं मी सांगणार नाही. डोळे मिटून सही करू नका, एवढंच सांगणार आहे.

आता हिशेब

कर्ज पंचवीस लाख, व्याज वर्षाला ९ टक्के, मुदत २० वर्षं. हप्ता येतो २२,४९३ रुपये. २४० महिने गुणिले हा हप्ता, म्हणजे ५३ लाख ९८ हजार. मुद्दल पंचवीस, व्याज जवळजवळ एकोणतीस लाख. म्हणजे एक घर आपल्यासाठी आणि एक घर सावकारासाठी, शिवाय वर चार लाख.

पण यापेक्षा महत्त्वाची गोष्ट हप्त्याच्या पोटात आहे. पहिल्या महिन्याच्या २२,४९३ रुपयांपैकी १८,७५० रुपये व्याज असतं. मुद्दलात जातात फक्त ३,७४३. कारण व्याज बाकी रकमेवर लागतं आणि सुरुवातीला बाकी सगळ्यात मोठी असते. पाच वर्षांत आपण साडेतेरा लाख भरतो आणि मुद्दल कमी होतं २ लाख ८२ हजारांनी. दहा वर्षांनी, सत्तावीस लाख भरून झाल्यावर, म्हणजे घेतलं त्याहून जास्त देऊन झाल्यावर, अजून पावणेअठरा लाख बाकी असतात. मुद्दल निम्म्यावर यायला चौदा वर्षं लागतात. जो पोरगा तिसाव्या वर्षी सही करतो, त्याचं निम्मं कर्ज चव्वेचाळिसाव्या वर्षी फिटतं. तोवर त्याचं पोर दहावीला आलेलं असतं.

यात चोरी नाही. हे सगळं परतफेडीच्या वेळापत्रकात छापलेलं असतं. पण ते वेळापत्रक किती जणांनी मागून घेतलंय? आमच्या रविवारच्या बैठकीत मी विचारलं, तेव्हा कर्ज असलेल्या नऊ जणांपैकी एकाकडे होतं.

या हिशेबात कर्जाबाहेरचा खर्च अजून धरलेला नाही. घराच्या किमतीतला स्वतःचा वाटा, मुद्रांक शुल्क, नोंदणी, बँकेची प्रोसेसिंग फी, वकिलाचा सर्च रिपोर्ट, पुढे घरफाळा, सोसायटीचा मेंटेनन्स. आणि एक छुपी गोष्ट, कर्जाचा विमा. बऱ्याच ठिकाणी एकरकमी विमा कर्जातच घुसवला जातो. समजा साठ हजारांचा विमा कर्जात जोडला, तर ९ टक्क्यांनी वीस वर्षांत त्याचे १ लाख २९ हजार होतात. कमावत्या माणसाला विमा असावाच, पण तो त्याच कंपनीकडून, त्याच दिवशी, कर्जात जोडूनच घ्यावा असा कुठलाही कायदा नाही. साधा टर्म इन्शुरन्स बाहेरून वेगळा घेता येतो.

आक्काचं कर्ज

माझ्या थोरल्या बहिणीनं आणि दाजींनी २०१८ मध्ये पंचवीस लाखांचं कर्ज काढलं. दाजी तेव्हा ठेकेदाराकडे होते, पगार रोख. आक्का घरी शिलाई करायची. उत्पन्न होतं, उत्पन्नाचा कागद नव्हता. बँकेनं हात वर केले. मग एका गृहवित्त कंपनीनं कर्ज दिलं, १२ टक्क्यांनी. हप्ता २७,५२७.

पाच वर्षं एकही हप्ता चुकला नाही. २०२३ मध्ये आम्ही तिघांनी बसून स्टेटमेंट काढलं. भरलेले पैसे १६ लाख ५१ हजार. कमी झालेलं मुद्दल २ लाख ६ हजार. आक्का कागदाकडे बघत राहिली आणि म्हणाली, ‘आरं, सोळा लाख भरलं की आपण. मग दोनच कसं कमी झालं?’

दुसरी गोष्ट आणखी झोंबणारी. या मधल्या काळात रिझर्व्ह बँकेचा रेपो दर मे २०२० मध्ये ४ टक्क्यांवर आला होता आणि मे २०२२ पर्यंत तिथंच होता. देशभर घरकर्ज स्वस्त झालं. आक्काचा दर मात्र १२ चा १२. कारण ऑक्टोबर २०१९ पासून बँकांना नवी फ्लोटिंग घरकर्जं रेपोसारख्या बाहेरच्या दराला जोडावी लागतात, पण गृहवित्त कंपन्यांना ते बंधन नाही. त्या आपला दर आपणच ठरवतात. कागदावर ‘फ्लोटिंग’ लिहिलेलं असतं, पण ते वर तरंगतं, खाली बुडत नाही.

तोवर दाजी कायम झाले होते, फॉर्म १६ मिळत होता. आक्कानं तीन वर्षं शिलाईचं विवरणपत्र भरलेलं होतं. उरलेलं २२ लाख ९४ हजारांचं कर्ज एका बँकेत ९ टक्क्यांनी हलवलं. नवा हप्ता तेवीस हजारांवर आला असता, पण आक्का म्हणाली, ‘सवय झालीया, तेवढाच भरूया.’ त्यामुळं पंधरा वर्षांचं कर्ज अकरा वर्षांत संपेल. दर असाच राहिला तर जवळजवळ तेरा लाख वाचतील. खर्च आला तीसेक हजार. फ्लोटिंग दराचं वैयक्तिक घरकर्ज मुदतीआधी फेडलं तर दंड घेता येत नाही, हा नियम बँका आणि गृहवित्त कंपन्या दोघांनाही लागू आहे. म्हणून तिला तिथून बाहेर पडता आलं. नियम कुणी सांगितला नव्हता, शोधावा लागला.

व्याजाचा वर्ण

व्याजाचा दर माणूस बघून ठरवायचा, ही गोष्ट या देशात नवी नाही. मनुस्मृतीच्या आठव्या अध्यायात महिन्याच्या व्याजाचे दर दिलेत. ब्राह्मणाकडून शेकडा दोन, क्षत्रियाकडून तीन, वैश्याकडून चार आणि शूद्राकडून पाच. शेकडा पाच महिना म्हणजे वर्षाला साठ टक्के. ज्याच्याकडे सगळ्यात कमी, त्याला सगळ्यात जास्त दर. २५ डिसेंबर १९२७ ला महाडला जो ग्रंथ जाळला, त्यात हाही तक्ता होता, हे आपण विसरतो. जात फक्त पाणवठ्यावर आणि देवळाच्या दारात नव्हती, ती वहीखात्यातही होती.

त्याच अध्यायात व्याज मुद्दलाच्या दुपटीपुढे जाऊ नये असंही आहे. यातूनच दामदुपटीचा नियम आला, आणि जुन्या मुंबई इलाख्यातली कोर्टं हिंदू ऋणकोंच्या कर्जाला तो लावत होती. नियम एवढाच की, एका वेळी थकलेलं व्याज मुद्दलापेक्षा जास्त मागता येणार नाही. आज हप्त्याहप्त्यानं भरलेलं एकूण व्याज मुद्दलाच्या पुढं जातं, ते दामदुपटीत अडकतच नाही, कारण ते थकलेलं नसतं. आपण ते वेळेवर भरलेलं असतं.

आजच्या तक्त्यात वर्ण लिहिलेला नाही. त्यात पगाराची स्लिप आहे, विवरणपत्र आहे, सिबिल स्कोअर आहे, जागेचा स्वच्छ उतारा आहे. हे निकष जातिनिरपेक्ष आहेत असं सांगतात. पण कायम नोकरी कुणाला आणि ठेकेदारी कुणाला? आजोबांचा प्लॉट कुणाच्या नावावर बिनशेती होऊन पडलाय, आणि कुणाची पिढ्यान्‌पिढ्याची राहती जागा अजून गुंठेवारीत किंवा अतिक्रमणात अडकलीय? निकष वरून सरळ दिसतात, पण ते तिरप्या जमिनीवर उभे आहेत. पंचवीस लाखांवर ९ आणि १२ टक्क्यांमधला फरक वीस वर्षांत बारा लाखांचा होतो. हे बारा लाख म्हणजे कागद नसण्याचा दंड. केंद्राच्या शहरी आवास योजनेच्या दुसऱ्या टप्प्यात व्याजावर जास्तीत जास्त १ लाख ८० हजारांचं अनुदान आहे. बारा लाखांच्या खड्ड्यात पावणेदोन लाखांची माती.

वतन आणि हप्ता

माझा खरा मुद्दा पैशाच्या पलीकडचा आहे. महार वतनात जमीन होती, घर होतं. मग बाबासाहेब वतनाच्या विरोधात का उभे राहिले? कारण त्या जमिनीला चाकरी चिकटलेली होती. जमीन सुटेल या भीतीनं माणूस चोवीस तास राबायचा आणि अन्यायाविरुद्ध तोंड उघडायचा नाही. शाहू महाराजांनी १९१८ मध्ये करवीर संस्थानात महार वतनं रद्द करून जमिनी रयतावा केल्या, त्यातलं मर्म हेच होतं. जमीन राहू दे, वेठ जाऊ दे. पुढं १९५८ च्या कायद्यानं मुंबई राज्यातली कनिष्ठ गावकी वतनं संपली.

हप्ता म्हणजे वतन नव्हे. तो आपण स्वेच्छेनं घेतो आणि शेवटी घर आपलं होतं. पण त्याच्या अंगी एक जुना गुण आहे, तो माणसाला वाकवतो. आमच्या गटातली धडाडीची पोरं मी बघतोय. पूर्वी १ जानेवारीला भीमा कोरेगावला जायला रजा टाकताना विचार करत नव्हती, आता करतात. कंपनीत बढतीत डावललं गेलं तर गप्प बसतात. कामगारांच्या सभेला येतो म्हणतात, येत नाहीत. एकानं मला स्पष्ट सांगितलं, ‘दादा, माझ्या डोक्यावर चोवीस हजार आहेत.’ मी त्याला दोष देत नाही. तीन महिने हप्ता थकला की खातं एनपीएत जातं. मग २००२ च्या सरफेसी कायद्याखाली साठ दिवसांची नोटीस येते आणि त्यानंतर दिवाणी दावा न लावताच घराचा ताबा घेता येतो. ही तलवार वीस वर्षं टांगलेली असेल, तर ‘संघर्ष करा’ हा शब्द तोंडातून सहज निघत नाही.

म्हणून माझ्या लेखी घरकर्जाची खरी किंमत फक्त त्रेपन्न लाख नाही. त्यात न टाकलेल्या रजा, न दिलेले राजीनामे आणि न काढलेले मोर्चेही मोजायला हवेत. ज्या समाजाची सगळी कमाई चळवळीतून आलीय, त्याला ही किंमत परवडते का, हा प्रश्न आहे. माझं उत्तर असं, हप्ता एवढाच घ्या की सहा महिने नोकरी गेली तरी घर टिकेल. बँक जेवढं द्यायला तयार आहे तेवढं कर्ज ही आपली ऐपत नसते, ती बँकेची भूक असते.

‘महागाईत हप्ता विरघळतो’

यावर एक युक्तिवाद नेहमी येतो. आज बावीस हजार जड वाटतात, पंधरा वर्षांनी रुपयाची किंमत घसरलेली असेल, हप्ता किरकोळ वाटेल. हे खरं आहे, पण कुणासाठी? ज्याचा पगार महागाईबरोबर वाढतो त्याच्यासाठी. बाबासाहेबांनी १९२३ मध्ये प्रसिद्ध झालेल्या ‘द प्रॉब्लेम ऑफ द रुपी’ या ग्रंथात दाखवलं होतं की, रुपया घसरला की किमती आधी वाढतात आणि मजुरी मागं राहते, त्यामुळं एकाचा फायदा दुसऱ्याच्या खिशातून येतो. शंभर वर्षांनंतरही ठेक्यावरच्या कामगाराला हे समजावून सांगावं लागत नाही. वेतन आयोगवाल्याचा हप्ता विरघळतो, ठेक्यावरच्याचा घट्ट होत जातो.

शिवाय दरही वाढतात. मे २०२२ ते फेब्रुवारी २०२३ या दहा महिन्यांत रेपो ४ वरून साडेसहावर गेला. ७ टक्क्यांनी पंचवीस लाख घेणाऱ्याचा हप्ता १९,३८२ होता. दर साडेनऊ झाल्यावर तेवढ्याच मुद्दलावर महिन्याचं नुसतं व्याज होतं १९,७९२. म्हणजे हप्ता तोच ठेवला, तर व्याजही पुरतं भागत नाही. अनेकांचा हप्ता बदलला नाही म्हणून ते निश्चिंत होते, आतून मुदत मात्र वाढत गेली होती. शेवटी १८ ऑगस्ट २०२३ ला रिझर्व्ह बँकेला आदेश काढावा लागला की, दर वाढल्यावर हप्ता वाढवायचा की मुदत, हे कर्जदाराला विचारा.

सहीआधी आणि सहीनंतर

१. ‘की फॅक्ट स्टेटमेंट’ मागा. १ ऑक्टोबर २०२४ पासून किरकोळ कर्जात ते देणं बंधनकारक आहे, आणि तेही कर्जदाराला समजणाऱ्या भाषेत. मराठीत मागा. त्यात सगळे खर्च धरून येणारा वार्षिक दर लिहिलेला असतो.

२. परतफेडीचं वेळापत्रक मागा आणि घरातल्या सगळ्यांसमोर वाचा. बाईसमोर तर नक्कीच. आपल्याकडं बायकोला सहकर्जदार करतात आणि घर मात्र एकट्याच्या नावावर ठेवतात. हिंदू कोड बिलासाठी मंत्रिपद सोडणाऱ्या माणसाचे आपण अनुयायी आहोत. कर्जात नाव असेल तर खरेदीखतातही हवं. घर फक्त बाईच्या नावावर घेतलं तर महाराष्ट्रात मुद्रांक शुल्कात एक टक्का सवलतही आहे.

३. दरवर्षी एक जादा हप्ता मुद्दलात भरा. वरच्या उदाहरणात वीस वर्षांचं कर्ज साडेसोळा वर्षांत संपतं आणि जवळजवळ सहा लाख वाचतात. पहिल्या पाच वर्षांत भरलेला जादा रुपया सगळ्यात जास्त व्याज मारतो.

४. दर सहा महिन्यांनी आपला दर आणि उरलेली मुदत तपासा. नव्या ग्राहकाला कमी दर मिळत असेल तर लेखी मागणी करा. नाही ऐकलं तर कर्ज हलवा.

५. रोखीत कमावणाऱ्यांनी आजपासून विवरणपत्र भरायला लागा. तीन वर्षांनी तोच कागद दर खाली आणतो. आणि जागा आपल्या नावावर असेल तर आधी रमाई आवास योजनेत बसता का ते बघा. अनुदानाला व्याज लागत नाही.

६. कर्ज फिटल्यावर मूळ कागदपत्रं तीस दिवसांत परत मिळायलाच हवीत. सावकाराच्या चुकीनं उशीर झाला तर दिवसाला पाच हजार रुपये भरपाईचा रिझर्व्ह बँकेचा नियम आहे.

हे एकेकट्यानं करायचं काम नाही. प्रत्येक विहारात, प्रत्येक अभ्यासिकेत महिन्यातून एक रविवार कर्जाच्या कागदांसाठी ठेवा. बी.कॉम. झालेली दोन पोरं आणि एक मोबाईल एवढं पुरतं. आपण जयंतीची वर्गणी पै-पैनं मोजतो. घरात येणाऱ्या वीस वर्षांच्या पाहुण्याचा हिशेबही तसाच चौघांत बसून मोजू.

बाबासाहेब अर्थशास्त्रज्ञ होते, हे आपण भाषणात अभिमानानं सांगतो. त्यांच्या अनुयायाला स्वतःच्या घराची किंमत ठाऊक नसेल, तर त्या अभिमानाला अर्थ काय? घर घ्या, दारावर नाव लावा, भिंतीवर फोटो लावा. पण त्या भिंतीसाठी किती वर्षं आणि किती स्वातंत्र्य मोजलं, हे आकड्यांत सांगता आलं पाहिजे. किंमत ठाऊक असलेला माणूस घासाघीस करतो, संघटित होतो, वेळ आली तर नाही म्हणतो. ठाऊक नसलेला फक्त हप्ता भरतो.

जय भीम.